वझं कितलं?

शिरपूरला आग्रा रोडवर, पंक्चरवाल्याला लागून
रमजू पिंजारी ट्रकच्या ताडपत्र्या शिवतो.
सुई माझ्या करंगळीएवढी.
म्हटलं, पाठीवरची पिशवी हवी,
दिवाळीत अस्तंब्याला जायचंय, चार दिवस.
त्यानं रंग विचारला नाही, कप्पे विचारले नाहीत.
"वझं कितलं?"

मी सूतगिरणीत, तिसऱ्या पाळीला.
सूत बोटांना कळतं,
आपण काय वाहतो ते कधी मोजलं नव्हतं.
किराणावाल्याच्या काट्यावर ठेवलं सगळं:
कळण्याच्या भाकरी, ठेचा, चादर, टॉर्च,
एक पातेलं, आगपेटी मेणकागदात.
आठ किलो. पाणी वेगळं.
"मंग बारा धर," रमजू म्हणाला,
"उतरतांना वझं वाढस."

मोडीच्या ढिगातून त्यानं एक ताडपत्री ओढली,
किती पावसाळे इंदूर-भिवंडी करून थकलेली,
कांदा, मिरची, डिझेल, सगळं अंगात मुरलेलं.
मधला भाग उन्हानं पापुद्रे सुटलेला, तो सोडला.
कडेची दुमड उसवली.
आत, जिथं ऊन कधी पोचलंच नव्हतं,
तिथं ती अजून नवी होती.

पट्टे ट्रॅक्टरच्या ट्यूबचे.
पाठीला ताठपणा हवा म्हणून ठिबकच्या नळीचे दोन तुकडे,
कपाशी उपटल्यावर बांधावर वेटोळी पडून असतात, त्यातले.
कड्या म्हशीच्या दाव्याच्या, बाजारात दहाला चार.
मी चेन मागितली.
"चेन रुसनी का डोंगरमा
कोन मनावस तिले?"
तोंडाला नाडी, वर झडप.
दोनशे चाळीस रुपये. चहा त्यानंच पाजला.

कापताना अक्षरं तुटली होती.
कुणाच्या तरी ट्रान्सपोर्टमधलं
माझ्या पाठीवर उरलं नुसतं "सपोर्ट".
तळोद्याच्या स्टँडवर पोरांनी विचारलं,
कोणती कंपनी, भाऊ?

रात्रीची चढण. पुढे मागे टेंभे, बॅटऱ्या, माणसं.
ठुमला वसावे माझ्या बरोबरीनं चालत होता:
पाण्याला भोपळ्याची तुंबडी,
खांद्यावर फडक्यात बांधलेलं काहीतरी,
बस्स.
विसाव्याला त्यानं माझी पिशवी एका हातानं उचलली,
परत ठेवली.
काही बोलला नाही. मला मात्र
पातेलं का आणलं, ते आठवेना.

वर दंव पडलं. पिशवी उशाला घेतली.
ओल आत आली नाही,
पण कुठल्याशा जुन्या मिरचीनं
पहाटेपर्यंत शिंकत होतो.

उतारावर माझ्या बुटानं तोंड उघडलं.
बावीसशेचा बूट, धुळ्याहून खास आणलेला,
डब्यावर बर्फाच्या डोंगराचं चित्र.
ठुमला वाट सोडून खाली गेला,
पळसाची एक मुळी खणून आला,
दगडावर ठेचली, साल सोलली,
वाख मांडीवर वळला.
तीन वेढे, एक गाठ.
मी त्या पिळाकडे बघत राहिलो.
आमच्या गिरणीत असा येत नाही असं नाही.
पण तिथं वीज लागते,
आणि सुपरवायझर.

तीन वर्षं झाली. पिशवी आहे.
तो बूट नंतर भंगारात दिला,
पण त्या दिवाळीनंतर पहिल्यांदा दुकानात गेलो
तेव्हा तो पायातच होता, वाखासकट.

रमजूनं शिखराचं काही विचारलं नाही.
पिशवी उलटी केली, शिवणीत नख रोवून पाहिलं,
नाकाशी धरली.
"मिरची गई," म्हणाला, "धूर उना."
मग खाली वाकला. माझा पाय
गिऱ्हाइकाचा माल असल्यासारखा मांडीवर घेतला
आणि ती गाठ कितीतरी वेळ चाचपली.
"हाई कोठे भेटस?"

मी उत्तरेकडे बोट केलं.
दारातून सातपुड्याची निळी कड दिसते,
थंडीत तर अगदी हाताशी आल्यासारखी.
सुईवर उजेड पडावा म्हणून
तो रोज तिच्याकडे पाठ करून बसतो.